मोहल्ल्याची आतली वाट

आमचा पुरा, म्हणजे आमचा मोहल्ला, पाडला तेव्हा शहरातले शहाणे लोक कमानीसाठी हळहळले. जुनी कमान, तिच्यावरची चुन्याची फुलं, कोपऱ्यावरच्या हवेलीचा नक्षीचा सज्जा. अरे बाबांनो, त्या कमानीवर पिंपळ उगवला होता आणि तिच्या सावलीत म्हशी बांधलेल्या असत. सज्ज्यात कबुतरं राहत होती, माणसं कधीच सोडून गेली होती. कमानीसाठी डोळे पुसणाऱ्यांपैकी एकही जण आमच्या गल्लीत कधी पाणी मागून प्याला नसेल. ते बाहेरून बघत होते. आणि बाहेरून बघितलं तर आमचा पुरा होता तरी काय? दोन्ही अंगांना उंच, बोडक्या, मातकट भिंती, मधून वाहणारं उघडं गटार, भिंतींत अधूनमधून एखादं बंद दार. बस्स.

पुरा आत होता. तो पाडणाऱ्यांनी पाहिला नाही, आणि रडणाऱ्यांनीही पाहिला नाही. म्हणून हे लिहिते आहे.

आमच्या गल्लीतली घरं एकमेकांना चिकटून उभी होती. मधली भिंत दोघांची. त्या प्रत्येक भिंतीत, मागच्या अंगणाच्या बाजूला, एक बुटकं दार असायचं. आम्ही त्याला खिडकी म्हणायचो. कमरेइतकं उंच, लाकडी झडप, दोन्हीकडून कडी. वाकल्याशिवाय पलीकडं जाता येत नसे. अशा खिडक्यांतून आमच्या घरापासून थेट गल्लीच्या दुसऱ्या टोकापर्यंत जाता यायचं, हिमरू कापडाच्या कारखान्याच्या अंगणात, आणि सडकेवर पाऊल टाकावं लागत नसे. ही वाट बायकांची होती. पुरुषांना ती ठाऊक होती, पण कुणी पुरुष तिच्यावरून चालला नव्हता. पोरगा मिसरूड फुटेपर्यंत चालायचा, मग एक दिवस कुणीतरी आजी त्याला खिडकीत अडवून म्हणायची, "अब तू बाहर से आ रे, मर्द हो गया." तो लाजायचा, छाती काढून रस्त्यानं जायचा, आणि अर्धा पुरा त्याला कायमचा बंद व्हायचा.

कायदे होते. कडी वाजवायची आणि थांबायचं. घरात पुरुष असला तर तो खाकरून बाहेरच्या खोलीत जायचा. नमाजाची वेळ असली तर वाट थांबायची. आमच्याकडं आईचं सोवळं असलं तरी थांबायची. आई आतून ओरडायची, "थांबा जरा, शिवायचं नाय!" आणि पलीकडच्या बाया खिडकीशीच फतकल मारून बसायच्या, गप्पा मारत. आमच्यात विटाळ, त्यांच्यात पडदा. मला दोन्ही पटत नव्हते, आजही पटत नाहीत, आणि मी कुणाचे गोडवे गायला बसलेली नाही. पण ज्यांना उंबऱ्याबाहेर पाऊल टाकायची मुभा नव्हती त्या बायकांनी आतल्या आत एक गाव वसवलं होतं, हे खोटं का म्हणू?

आमच्या खिडकीपलीकडं चाची राहायची. विधवा, मूलबाळ नाही. नवरा हिमरू विणायचा, तो खोकल्यानं गेला. ती लग्न होऊन डोलीत बसून त्या घरात आली आणि त्यानंतर गल्लीत पायी उतरली नव्हती. कारखान्यातून रेशीम आणायचं, घरी चरख्यावर कांड्या, म्हणजे मागाच्या धोट्यात बसणाऱ्या नळ्या, भरायच्या, भरलेल्या कांड्यांची टोपली घेऊन खिडक्या-खिडक्यांतून परत कारखान्यात जायचं, हे तिचं काम. त्यावर ती जगायची. तिचा एक दीर जालन्याला होता. तो ईदेला यायचा, शेवया खायचा आणि म्हणायचा, "भाभी, अकेली कायकू रहती? चल जालना." चाची हसून टाळायची. दीर गेल्यावर आमच्या खिडकीत येऊन आईला म्हणायची, "वहाँ जाके क्या करूँ बाई? उसकी बीबी की रोटियाँ बेलूँ, और रोटी बी गिनके खाऊँ?" कांड्या होत्या तोवर जालना लांब होतं. आणि वाट होती तोवर कांड्या होत्या. चाचीचं सारं इतकं सरळ होतं.

माझं म्हणाल तर मी तेव्हा पत्रकं लिहायची. निजामाच्या राज्यात चार माणसं जमवायला परवानगी, काही छापायला परवानगी, आणि परवानगी मागायला गेलं की नाव टिपून ठेवणार. चळवळीतले आमचे सोबती पत्रकं मनमाडला, इंग्रजी मुलखात छापून आणायचे. ती गल्लीत वाटायची कशी? टोपलीतून. वर रंगीत कांड्या, खाली पत्रकं. नाक्यावरचा जवान रस्त्यावरच्या पोरांच्या पिशव्या तपासायचा. जनान्यातून चाललेली टोपली त्याला दिसणार कशी? चाचीला मराठी वाचता येत नव्हतं. ती टोपली उचलायच्या आधी मला विचारायची, "आज किसपे गुस्सा है?"

"साऱ्यावरच," मी म्हणायची.

"कबी हलवे का नुस्खा बी छाप पोट्टी. लोगां शौक से रख लेंगे."

असं चाललं होतं, आणि मग दवंडी आली. छावणीकडं जाणारी सडक रुंद होणार. आमचा पुरा सडकेत. शिवाय पुरा गलिच्छ आहे, हवा खेळत नाही, रोगराई होते. हवा खेळत नाही! ज्या साहेबानं हे लिहिलं तो आमच्या अंगणात एकदा बसला असता तर ओळीनं सगळ्या खिडक्या उघड्या ठेवल्यावर वैशाखात कसं गार वाटतं ते त्याला कळलं असतं. पण तो बसला नाही. बदल्यात प्रत्येक घराला पडेगावच्या बाजूला एकेक जागा मिळणार, घराला घर.

मी त्या दिवशी पत्रक लिहिलं. अजून तोंडपाठ आहे, पण सांगत नाही, कारण त्यात कमानीवर बराच मजकूर होता.

पुरुषांची बैठक मशिदीच्या ओट्यावर भरली. आमचे आप्पा गेले होते. ते कारखान्याचं रेशीम रंगवायचे, हात कायम निळे. गल्लीतल्या एकाचा वकील मेहुणा आला होता, त्यानं सगळ्यांना घाबरवून सोडलं. आप्पांनी घरी येऊन आईला सांगितलं ते असं: कायद्यात घर म्हणजे चार भिंती आणि स्वतःचं दार. ज्या दोन घरांच्या मधे आतून ये-जा आहे ती सरकारदरबारी एकच घर धरतील. एक घर, एक जागा. मुआयना, म्हणजे सरकारी पाहणी, व्हायच्या आत खिडक्या बुजवा.

"म्हणजे?" आई म्हणाली.

"म्हणजे बुजवायच्या. विटा लावायच्या. समद्यांनी ठरवलंय."

"समद्यांनी म्हणजे कुणी?"

"बैठकीत."

"बैठकीत खिडकीतून जाणारं कोण होतं?"

आप्पांनी टोपी खुंटीला अडकवली. मी बोलले. मी म्हणाले की वकिलाला फुकटचं बोलायला काय जातं, अन् तुम्ही सगळे मिळून सरकारच्या आधी आपलाच पुरा पाडायला निघालात. आप्पांनी मला गप्प बस म्हटलं नाही. ते म्हणाले, "तुझ्या पत्रकानं सडक थांबते का? थांबत असली तर नको बुजवायला." माणसाकडं उत्तर नसलं की ते जास्त मोठ्यानं बोलतं, तशी मी बराच वेळ बोलत राहिले.

दुसऱ्या दिवसापासून गल्लीभर चुना कालवल्याचा वास. आणि इथं आमच्या लोकांनी एक अशी गोष्ट केली की आठवली तरी मला अजून तळपायाची आग मस्तकाला जाते. भिंत दोघांची, खिडकी एक. एकानं बुजवली तरी पुरे होतं ना? नाही. शेजाऱ्यानं मुआयन्याच्या आधी विटा काढल्या तर? आपली जागा गेली तर? म्हणून ह्या अंगानं ह्यांनी बुजवली आणि त्या अंगानं त्यांनी. एकेका खिडकीला दोन भिंती. पिढ्यान्‌पिढ्या एकमेकांच्या घरचं मीठ वापरणारे लोक.

आमच्याकडं गवंडी आला तेव्हा आई खिडकीच्या उंबऱ्यात बसली होती. अर्धी इकडं, अर्धी चाचीकडं. मांडीवर सूप, सुपात तूर.

गवंडी म्हणाला, "बाई, उठा. काम करायचंय."

"गुडघा धरलाय बाबा. उठताच येत नाय. जरा दम धर."

तो तंबाखू मळत बसला. मळून झाली. आईचा गुडघा सुटला नव्हता. आप्पा बाहेरच्या खोलीतून खाकरले. पलीकडून चाचीचा आवाज आला, "भाईसाब, मेरी तरफ से नक्को बोलती मैं. मेरेकू अलग जगा नक्को. तुमारा बी एक, मेरा बी वहींच."

आप्पा दाराआडून म्हणाले, "भाभी, जरा समझो. दोन घरांची एक जागा झाली तर राहायचं कसं?"

"आजतक कैसे रहे?"

"आजतक भिंत होती ना मधे!"

"तो वहाँ बी भिंत डालो. खिडकी के साथ."

आई सुपातून मान वर न करता म्हणाली, "भाभी बरोबर बोलतायत." आणि गवंड्याला म्हणाली, "दुसऱ्या घरी काम असंल ना तुला? जा की. माझा गुडघा आज काय सुटत नाय."

आप्पांनी त्याला परत पाठवलं. त्यांना आईचा गुडघा ठाऊक होता. त्यांना, मला वाटतं, मनातून बरंही वाटलं असावं, पण ते त्यांनी कधी कबूल केलं नाही.

आमची खिडकी राहिली. पण चाचीच्या पलीकडची, म्हणजे तिच्या आणि बकरीवाल्यांच्या मधली, ती त्यांनी त्यांच्या बाजूनं बुजवली. त्यापुढच्या सगळ्या बुजल्या होत्या. चाचीनं झडप उघडली तर समोर ओल्या विटा. तिनं त्यांच्यावर हात ठेवला आणि म्हणाली, "अच्छा. इत्ती जल्दी." पलीकडून बकरी ओरडत होती. चाचीच्या हातची साल खायची सवय होती तिला.

मग मुआयना. साहेब आला, मागं मुन्शी, त्याच्यामागं साखळी धरणारे दोघे. गल्लीतले पुरुष दारांत उभे, कोरे कपडे घालून. बुजवलेल्या खिडक्यांवर चुन्याचा हात फिरवलेला, त्यावर राख चोळून जुनं भासवलेलं. साहेब भला माणूस होता. उत्तरेकडचा, अदबीचा. प्रत्येक दाराशी थांबायचा, बाहेरची खोली बघायचा, साखळी टाकून दर्शनी भिंत मोजायचा आणि पुढं जायचा.

त्या वकील मेहुण्यानं मुद्दाम म्हटलं, "साहब, अंदर भी मुलाहिजा फरमाइए."

साहेबानं कानाला हात लावला. "तौबा. जनाने में मैं क्या करूँ? यहाँ पर्दानशीं बीबियाँ रहती हैं." आणि पुढच्या दारी गेला.

मी हे आमच्या दाराच्या फटीतून ऐकलं. प्रथम मला हसू आलं. मग ध्यानात आलं. जनान्यात सरकारी माणूस पाऊल टाकत नाही! ही गोष्ट या गल्लीत कुणाला ठाऊक नव्हती? माझी पत्रकं कशाच्या जोरावर फिरत होती? शेंबड्या पोरीला विचारलं असतं तरी तिनं सांगितलं असतं. ज्या पडद्यामुळं मुळात खिडक्या ठेवल्या, त्याच पडद्यामुळं त्या कुणाला कधी दिसल्या नसत्या. पण बायकांना विचारायचं कुणाला सुचलं नाही, आणि बायकांना वाटलं, वकील शिकलेला आहे. सगळ्यांनी मिळून, न विचारता न सांगता, पुरा बुजवला. सरकारनं फक्त साखळी टाकली.

तुम्ही म्हणाल, मग उघडायच्या. मुआयना झाला होता, पाडायला अजून बराच अवकाश होता. आईही तेच म्हणाली. चाची रोज विटांवर टकटक करायची, पलीकडून बकरीवाल्यांची सून म्हणायची, "हौ चाची, कल निकालते." तो उद्या आला नाही. एकानं आपल्या विटा काढल्या तर समोर शेजाऱ्याच्या विटा, मग आपणच कशाला आधी काढायच्या? आणि खरं सांगायचं तर काहींना बरं वाटू लागलं होतं. कुणाला आपल्या घरातलं भांडण पलीकडं ऐकू जाऊ द्यायचं नव्हतं. कुणाच्या सासूला सून उठून शेजारी जाते हे आवडत नव्हतं, तिला आयतं झालं. एक बाई मला म्हणाली, "घर आता घरासारखं वाटतंय बाई." मी तिच्याशी बरेच दिवस बोलले नाही. आता कळतं, तीही खोटं बोलत नव्हती. जी वाट एकीला जगवत होती तिच्यावरून दुसरीच्या घरात नको ते डोळेही येत होते. पण हे सगळं तोलून बघायला कुणी बसलंच नव्हतं ना! तोलून बंद केली असती तर माझं काही म्हणणं नव्हतं.

चाचीचं काम अडलं. कारखानदारानं आपल्या माणसाला रेशीम घेऊन तिच्या रस्त्याकडच्या दाराशी पाठवलं. जवान माणूस, विधवेच्या दारात, भर दिवसा. दोन खेपा झाल्या आणि ओट्यावर कुजबूज सुरू. चाचीनं त्याला येऊ नको म्हणून सांगितलं. मग मी टोपली न्यायला लागले, पण मला सभा असायची, कधी मनमाडला जावं लागायचं, खाडे पडायचे. आणि कारखानदाराची बायको, जिला सगळे बडी बी म्हणायचे, ती रेशीम चाचीच्या बोटांत देऊन, तारेचा पीळ दाखवून, कुठली कांडी किती घट्ट ते सांगून काम द्यायची. ते मला कुठून जमणार? दोनदा कांड्या परत आल्या. तेवढ्यात जालन्याहून निरोप. घर तर जाणारच आहे, काम बी गेलं ऐकतो, घर पडलं की तांगा घेऊन येतो, तयार रहा.

चाची निरोप ऐकून आमच्या खिडकीत बसली. मग आईला म्हणाली, "बाई, तुमारे दरवाजे से निकलूँ क्या? मेरे दरवाजे से सब देखते."

"निकलूँ म्हणजे?" मी विचारलं. "कुठं?"

"कारखाने. पैदल."

मी खूश झाले. मला वाटलं, आता पडदा तुटतोय, आणि मी त्यावर काहीतरी बोललेसुद्धा, स्वातंत्र्य वगैरे. चाची बुरख्याची बटणं लावत होती. म्हणाली, "तेरा भाषण बाद में. पैले चप्पल दे." तिच्याकडं रस्त्यावर घालायच्या चपलाच नव्हत्या.

आई म्हणाली मीही येते. डोक्यावरून पदर घेऊन, तोंडापुढं ओढून. आई माहेरी आणि देवाला गाडीत बसून जायची, पण आपल्याच गल्लीत ती तरी कुठं चालली होती? मी म्हणाले, मी पुढं होते. दोघीही एकदम म्हणाल्या, "तू मागं रहा." चाची म्हणाली, "मोहल्ला हमारा है. तू रस्त्याची पोट्टी."

आम्ही निघालो. आणि चार पावलांवर दोघी थांबल्या.

मला आधी कळेचना काय झालं. त्या दारांकडं बघत होत्या. सगळी दारं सारखी, बंद, धुळीनं भरलेली. चाची हळूच म्हणाली, "ये किसका घर?"

आईला ठाऊक नव्हतं.

ज्या घरांच्या चुली त्यांना पाठ होत्या, कुणाच्या अंगणात पेरू आहे, कुणाचा रांजण गळतो, कुठली बाळंतीण कुठल्या खाटेवर, सगळं, त्या घरांचं एकही दार त्यांनी बाहेरून पाहिलं नव्हतं. मी तोंड उघडलं तर आईनं हात वर केला. त्यांना ते स्वतः शोधायचं होतं. चाची घरं मोजायला लागली, पण आतून मोजलेली घरं बाहेरून जुळेनात. एका मोठ्या घराला दोन दारं, एका घराचं दार भलत्याच बोळात. मोजदाद चुकली. मग त्या कान देऊन उभ्या राहिल्या, भर दुपारी, गटाराच्या काठाला, दोन प्रौढ बाया, चोरासारख्या. एका दाराआडून बकरी ओरडली.

चाची बुरख्यातून खुदकन हसली. "ये तो मेरी पैचान की है."

"मग हे बकरीवाल्यांचं," आई म्हणाली. "पुढलं लिंबाचं. फांद्या बघा वर."

"हौ, और उसके आगे वो खोकनेवाली बुड्ढी."

खोकला ऐकू आला. दोघी कितीतरी वेळ हसत होत्या. समोरून एक माणूस आला, त्या घरातलाच जावई, त्यानं कोण या परक्या बाया म्हणून वळून पाहिलं. त्याच्या बायकोचं पहिलं बाळंतपण चाचीनं केलं होतं. तिला तो ओळखीचा, त्याला ती नाही. चाचीचं हसू तिथं थांबलं. शेवटी मागाचा खटखटाट ऐकू आला आणि त्या आवाजाच्या दारावर तिनं हात मारला.

बडी बीनं दार उघडवलं. पाहते तर चाची पुढच्या दारानं. ती म्हणाली, "हाय अल्ला, तुम सडक से आए?" म्हणजे जणू छपरावरून आली. चाची म्हणाली, "हौ. तुमने तो ईंटां लगा दिए. अब रेशम देओ." बडी बीनं रेशीम दिलं, तिच्या बोटांत देऊन, पीळ दाखवून.

त्या दिवसानंतर चाची रोज चालत जायला लागली. माझ्या सोबत्यांना मोठा आनंद झाला. एकजण म्हणाला, बघ, सरकारच्या पहारीनं का होईना पण जनाना उघडला. मी त्याच्याशी भांडले. आजही भांडेन. माणसाच्या खालची घोंगडी ओढून घ्यायची आणि तो उभा राहिला की म्हणायचं, बघा, आम्ही याला उभं राहायला शिकवलं! ती उभी राहिली ती तिच्या पायांवर. पहारीचं त्यात काय कौतुक? पण त्याच दिवशी घरी येऊन मी विचार करत बसले की खिडक्या राहिल्या असत्या तर ती कधी बाहेर पडली असती का. नसती. आणि मी, स्वातंत्र्यावर पत्रकं लिहिणारी, तिनं बाहेर पडावं म्हणून कधी एक शब्द तरी बोलले होते का? मला ती आतच सोयीची होती. याचं गणित मला अजून सुटलेलं नाही. सुटल्यासारखं दाखवणार नाही.

पुरा पुढच्या हिवाळ्यात पाडला. मजुरांनी दर्शनी भिंती आधी लोळवल्या. मधल्या भिंती मात्र काही दिवस तशाच उभ्या होत्या, उघड्या अंगणांसकट, आणि प्रत्येकीवर एकाच उंचीवर नव्या चुन्याचा एकेक पांढरा चौकोन. पहारी तिथंच मारत होते. जुना चुना दगडासारखा, हा नवा लगेच सुटायचा. एकेक चौकोन पडला की मागं पुढचा दिसायचा. गल्लीतले पुरुष बघत उभे होते. कुणीतरी म्हणालं, "एवढ्या होत्या का?"

पडेगावच्या बाजूला जागा मिळाल्या. घराला घर, बोलल्याप्रमाणं. चिठ्ठ्या टाकून वाटल्या, त्यामुळं शेजारी कुणी शेजारी राहिलं नाही. चाची पार पलीकडच्या ओळीत, आम्ही अलीकडच्या. दोन घरांमधे मोकळी जागा सोडायचा नियम, म्हणजे हवा खेळेल. हवा खेळते, खरंच खेळते, दिवसभर घरात माती येते.

तिथं चाचीचा दीर आला. तांगा घेऊन, शब्दाप्रमाणं. तिच्या दाराला कुलूप. शोधत शोधत आमच्याकडं आला आणि दारात उभा राहून आईला विचारू लागला, "भाभी कहाँ हैं?"

आई आतूनच म्हणाली, "कामाला गेल्यात. शहरात."

"किसके साथ?"

"एकट्या."

त्याचा विश्वास बसेना. इतक्या लांब? पायी? आणि कारखाना तर तिकडून उठला ना? मी सांगितलं, कारखाना नदीपलीकडं गेला, चाचीही तिथवर जाते. सकाळी निघते, परतताना वाटेत दोनदा बसते, गुडघे दुखतात तिचे. तो म्हणाला, "ये क्या जिंदगी हुई? जालन्यात आरामात राहिली असती." आणि मला ते तितकंसं खोटं वाटलं नाही.

तो बाजेवर बसून राहिला. उन्हं कलली तेव्हा शहराकडच्या सडकेवर धुळीत एक काळा ठिपका दिसू लागला. तो उठला, दोन पावलं पुढं गेला आणि थांबला. बुरखेवाल्या तीन-चार बाया येत होत्या, छावणीतून परतणाऱ्या, आणि त्यांतली आपली भाभी कोणती हे त्याला कळत नव्हतं. तिनं त्याला ओळखलं. ती सरळ त्याच्यासमोर आली, डोक्यावरची टोपली उतरवून त्याच्या हातात दिली आणि म्हणाली, "पकड. भारी है." आणि आमच्या ओट्यावर बसून पाय चोळू लागली.

तो टोपली घेऊन उभा. "भाभी, तांगा लाया हूँ."

"अच्छा किया," चाची म्हणाली. "मेरे घर तक छोड दे. आज गुडघे लई दुखायलेत. कांड्या उद्या सकाळी द्यायच्यात."

तो तिला तिच्या ओळीत सोडून आला. मग रिकामा तांगा जालन्याच्या वाटेला लागला.